टपावरच्या दोन थापा

खोटं सांगून मला काय मिळणार? हितेंद्र माझा सख्खा मावसभाऊ. करी रोडला आमच्याच चाळीत राहतो. विषय काढून बघा, आजही त्याला घाम फुटतो.

भाऊच्या धक्क्यावरून मांडव्याला गाड्या नेणारी मोठी बोट असते ना, तिच्यावर तो कामाला. गाड्या खालच्या डेकवर, एकमेकींना खेटून लावलेल्या. बोट सुटली की गाडीत कुणी बसायचं नाही, सगळ्यांनी वर जायचं. म्हणून हितेंद्र प्रत्येक गाडीच्या टपावर दोन थापा मारतो, आत डोकावतो आणि ओरडतो, "रिकामी!"

गेल्या दिवाळीतला शुक्रवार. भरदुपारची गोष्ट.

एका पांढऱ्या गाडीवर त्याने थापा मारल्या...

आतूनही दोन थापा आल्या.

त्याने काचेला नाक लावलं. पुढे कुणी नाही. मागेही कुणी नाही.

"काय झालं रे हित्या?" जिन्यावरून बुधाजीकाकांनी विचारलं. ते त्याचे जुने जोडीदार.

"काय नाय काका. रिकामी!"

काका वर गेले. आणि गाडीतला दिवा लागला...

मागचं दार नीट लागलं नव्हतं. त्या बाजूला शेजारच्या गाडीपर्यंत जेमतेम फट होती. मालकाची बॅटरी उतरेल म्हणून हा शहाणा दार उघडून दिवा बंद करायला आत शिरला.

धाडकन दार लागलं. पाठोपाठ लॉक पडलं.

हँडल ओढून ओढून बोटं सोलली. काच फुटेना. फोनला रेंज नाही. आत भट्टी पेटलेली. घरी बायकोचे, मनवाचे, दिवस भरत आलेले. पोराचं तोंड न बघताच जाणार आपण, असं वाटून त्याला रडूच फुटलं.

आणि अगदी शेजारी... कुणीतरी श्वास घेत होतं.

त्याने मान वळवली नाही.

मग काका त्याला शोधत आले. "हित्या! कुठे मेलास रे?"

याने जीव खाऊन काच बडवली. काका थांबले. वाकले. काचेला नाक लावून थेट याच्या डोळ्यांत बघितलं...

आणि स्वतःशीच म्हणाले, "रिकामी."

मांडव्याला मालकाने लांबूनच चावीचं बटण दाबलं, तेव्हा कुठे दार उघडलं. हितेंद्र बाहेर झेपावला. तेवढ्यात मागून कुणीतरी त्याचा शर्ट धरला. जोरात नाही... विनवल्यासारखा.

याने हिसडा दिला आणि दार लावून टाकलं.

मनवाला मुलगी झाली. दोघी सुखरूप आहेत. "सोड ना ती नोकरी," ती रोज म्हणते. पण दुसरी देणार कोण?

परवा तीच गाडी पुन्हा बोटीवर चढली. हितेंद्रने टपावर हात ठेवला. थाप मारायचा धीर झाला नाही.

तरी आतून दोन थापा आल्या... अगदी हळू.

"रिकामी," तो म्हणाला आणि पुढच्या गाडीकडे गेला.

काल गॅलरीत बसून त्याने मला विचारलं, "उघडायला हवं होतं ना रे दार?"