गुणिले सहा

मासे मोजायचं काम ऐकायला सोपं. नदीकाठी लाकडी मचाण, समोर नितळ पाणी, आणि पाण्याच्या तळाशी काठापासून आत अंथरलेल्या पांढऱ्या पाट्या. समुद्रातून अंडी घालायला परतलेले सॅल्मन झुंडीने वर चढतात, पाट्यांवरून जाताना काळे उठून दिसतात, आणि मचाणावरच्या माणसाने हातातला खटका दाबायचा. एक मासा, एक खटका. दमून कुणी खाली घसरला तर एक वजा. झालं! पण बसून बघा म्हणावं जरा. डास डोळ्यांत शिरतात, मान आखडते, आणि पापण्या मिटल्या तरी आत मासे पोहतच राहतात.

दिवसभर कोण मोजणार? म्हणून तासातली दहाच मिनिटं डोळ्यांत तेल घालून मोजायचं. उरलेल्या वेळाचा अंदाज हापिसातला वॉरन बांधायचा, आलेला आकडा सहाने गुणून. किती मासे वर पोचले हे त्यावरून ठरे, आणि खालच्या गावांनी जाळी टाकायची की हात चोळत बसायचं, हेही त्यावरूनच. आमच्या अलास्कातल्या युपिक गावांचा हिवाळा या गुणाकारावर टांगलेला असतो.

त्या वर्षी मात्रोनाने मचाणावर येऊ नये असं सगळ्या गावाचं म्हणणं होतं. आदल्या हंगामात तिचा नवरा याको इथेच गेला. प्रवाहाने सरकलेल्या पाट्या सरळ करायला होडी घेऊन उतरला होता. मात्रोना चहा टाकायला तंबूकडे वळली, परत येऊन बघते तो होडी उलटी आणि टोपी काठावरच्या झुडपांच्या मुळांत अडकलेली. पाणी कमरेइतकं, तळाचा गोटा न् गोटा दिसेल असं! आसपासच्या गावांनी नदी पालथी घातली, पण याको काही मिळाला नाही. "दुसऱ्या नदीवर जा मोजायला," लोक म्हणाले. ती म्हणाली, "जो येतो तो इथूनच वर जातो ना? मग मी इथेच बसणार." हिचं डोकं फिरलंय असं तोंडावर कुणी बोललं नाही, पण चेहऱ्यांवर ते होतंच.

समोरच्या काठाच्या मचाणावर याकोचा मामा होता, जखार. त्याचा जबडा झोपेतही बंद नसायचा. मोजणी झाली की होडी वल्हवत अलीकडे यायचा, शेकोटीपाशी फतकल मारायचा आणि वाळवलेला मासा सीलच्या तेलात बुडवून खात बसायचा.

"सूनबाई, पाण्याकडे बघून हसत होतीस मघाशी. माशाने डोळा मारला की काय?"

"तुमचं तोंड आठवलं, मामा."

"मग हसणारच. देखणा आहे मी."

असं चालायचं. त्याचं बोलणं तिला बरं वाटायचं, कारण तो बोलत असला की याकोचा विषय निघायचा नाही. विषय काढायची ती आगाफिया, याकोची धाकटी बहीण. रोज जेवणवेळेला गावातून वायरलेसवर तिचा आवाज यायचा. तिचे दिवस भरत आले होते.

"वहिनी, पोट खाली उतरलंय गं. आता तरी हो म्हण."

"नाही म्हटलं ना!"

"तहानलेला असेल गं तो. माझा दादा आहे तो, मला नाही सहन होत."

आमच्याकडे गेलेल्या माणसाचं नाव पुढे जन्मणाऱ्या पोराला देतात. नुसतं नाव नाही, नावासोबत माणूसच परत येतो असं आम्ही धरतो. जखार आपल्या भावाच्या चिमुरड्या नातीला 'आई' म्हणायचा, आणि ती डाफरली की खरंच वचकायचा. नाव मिळेपर्यंत मेलेला माणूस तहानेने वणवणतो. म्हणून नाव देताना चारी दिशांना पाणी शिंपडायचं आणि पोराच्या ओठांना लावायचं. पण नाव द्यायला बायकोचा होकार हवा. आणि होकार देणं म्हणजे याको मेला हे मात्रोनाने आपल्या तोंडाने म्हणणं. ते तिच्याच्याने होत नव्हतं. टोपी तर मिळाली होती नुसती. टोपी मेली म्हणून माणूस मरतो का?

ऊन लख्ख होतं त्या दिवशी, वारा पडलेला, पाणी काचेसारखं. मासे भरात होते. मात्रोनाचा अंगठा खटक्यावर आपोआप चालत होता. मध्येच थवा तुटला आणि पाट्यांवरून एक सावली गेली.

ओंडका असेल, तिला वाटलं. पण ओंडके खाली वाहतात. ही वर चालली होती, संथपणे, आजूबाजूच्या पाण्याला न ढवळता. मग ढगाची असेल. तिने वर पाहिलं, आभाळ कोरं होतं. पाण्यावरची चकाकी मारणारा काळा चष्मा पुसून तिने परत पाहिलं, तेव्हा सावली शेवटच्या पाटीवरून पुढे सरकत होती. लांब, पालथी. तिच्यावर पाण्यात काहीच नव्हतं. मासा असला की सावलीच्या वर मासा असतो. इथे नुसतीच सावली.

तिने खटका दाबला नाही. पुढच्या तासाला ती पुन्हा आली. त्याच्या पुढच्या तासालाही आली.

"मामा, तुमच्या बाजूने काही मोठं गेलं का?"

"मोठं म्हणजे? अस्वल?"

"नाही. काही नाही."

"ऊन लागलंय तुला. पाणी पी जरा," जखार म्हणाला आणि आपला पेला बुडवायला गेला, तर बादली रिकामी. "अगं, सकाळी तर भरून आणली मी झऱ्यावरून! केस धुतेस की काय रोज?"

मात्रोनाने वाकून पाहिलं. बादलीशेजारच्या खुंटावर पत्र्याचा पेला पालथा घातलेला होता. पाणी पिऊन झालं की पेला तिथे पालथा घालायची सवय एकट्या याकोला होती. जखार तर प्यालेला पेला असेल तिथे टाकून मोकळा व्हायचा.

भीती वाटायला हवी होती तिला. पण आनंद झाला, खोटं कशाला सांगायचं? दुसऱ्या दिवशी ती वेळेआधीच मचाणावर जाऊन बसली, नव्या नवरीसारखी केस बांधून. आणि सावली आली तेव्हा तिने नीट पाहिलं. डावा हात कोपरात वाकलेला होता. याको लहानपणी बर्फगाडीवरून पडला होता, त्याचा तो हात पुढे कधी सरळ झालाच नाही.

परत आलेल्यांनाच तर मोजायला बसली होती ती. समुद्रातून इतके येतात, त्यांची मोजदाद होते, आणि हा एकटाच आपला तासातासाला येऊन बेहिशेबी जातोय. तिचा ऊर भरून आला.

तिने खटका दाबला.

मोजणी संपल्यावर वायरलेसवर आकडा सांगितला. पलीकडे वॉरन खूश झाला. "छान! गुणिले सहा. आज गावात जाळी पडणार, बाई!"

पुढच्या तासाला मासे आधी आले, मग विरळ झाले. मग सावली आली, डावा हात कोपरात वाकलेला. तिच्या मागे दुसरी. तिचाही डावा हात वाकलेला.

मग तिसरी. मात्रोनाचा अंगठा खटक्यावरून सुटला. एकामागून एक, खांद्याला खांदा घासत, पाणी जराही न हलवता त्या पाट्यांवरून वर गेल्या. सहा.

ती मचाणावरून उतरली ती धडपडतच. वायरलेस उचलला.

"वॉरन, मघाच्या आकड्यातून एक काढ. माझी चूक झाली."

"एक? अगं बाई, हजारो वर गेलेत. एकाने काय होतंय?"

"एक नाही रे, सहा!"

"खाली घसरला का तो?"

"नाही."

"मग वजा कसा करू? वर गेलेला खाली आला तरच वजा. तूच शिकवलंस मला," वॉरन हसला. "आणि आकडा पुढे गेलासुद्धा. गावात जाळी पडली."

वर गेलेला सॅल्मन खाली येत नाही. वर जातो, अंडी घालतो आणि तिथेच मरतो. हे तिला जन्मल्यापासून माहीत होतं.

जखार आला तेव्हा दोन्ही बादल्या, किटली, भात शिजवायचं पातेलं, सगळं कोरडं ठक्क होतं. तो थट्टा करायला तोंड उघडणार होता, पण तिचा चेहरा बघून गप्प बसला. तिने त्याला सगळं सांगितलं.

"मोजलंस तू त्याला?" त्याने शेवटी विचारलं.

"मोजलं."

"जिवंत मोजलंस?"

ती रडायला लागली. जखारने तिच्या पाठीवर हात ठेवला. "नाव देऊन टाक, पोरी. तहान आहे नुसती. किती ताणशील?"

तिने आगाफियाला हाक लावली. दोनच वाक्यं बोलली. "याको मेलाय. नाव दे." पलीकडे आगाफिया हुंदके देत राहिली, आणि दुसऱ्याच दिवशी सकाळी तिचा आवाज आला, थकलेला पण नुसता नाचणारा.

"मुलगा झाला, वहिनी! याको! पाणी शिंपडलं चारी दिशांना. ओठांना बोट लावलं तर बोटच चोखत बसला, हपापल्यासारखा. आता झोपलाय बघ शांत, डावा हात दुमडून. लवकर ये, तुझा नवरोबा वाट बघतोय!"

मात्रोना हसली, रडली, परत हसली. जखारने शेकोटीभोवती दोन पावलं नाचूनही दाखवली. "आता माझा भाचा परत मला मामा म्हणेल. उधारीवर नेलेली माझी कुऱ्हाड आधी मागतो त्याच्याकडे!" वर्षभराचं ओझं उतरलं होतं तिच्या छातीवरचं. तिने बादल्या भरल्या, चहा टाकला आणि हलक्या पायांनी मचाणावर गेली.

मासे भरपूर होते. ऊन स्वच्छ होतं. खटका चालत राहिला आणि पाट्यांवर माशांखेरीज काही दिसलं नाही. घड्याळ बघून ती खटका खिशात टाकणार, तेवढ्यात थवा तुटला.

सावल्या आल्या. पाच.

एक घरी पोचला होता. हे पाच नव्हते पोचले.

त्या दिवशी पहिल्यांदाच त्या वर गेल्या नाहीत. पाट्यांवर येऊन थांबल्या. प्रवाहात एकसारख्या डोलत राहिल्या, तोंडं तिच्या काठाकडे करून.

मात्रोना मचाणावरून खाली आली. तंबूबाहेर तिने पेला भरून ठेवला. मग जखारचा पेला. मग किटलीचं झाकण, बिस्किटांचा रिकामा डबा आणि शेवटी पातेलं. काठोकाठ भरून तिने ती ओळीने मांडली आणि आत जाऊन पाठ करून बसली. बाहेर काही वाजलं नाही. बराच वेळ काहीच वाजलं नाही.

जखारची होडी काठाला लागल्याचा आवाज आला, तशी ती उठली. तो भांड्यांपुढे उभा होता. पाचही भांडी पालथी होती, नीट, एका ओळीत.

त्याने खालचा ओठ चावला.

"सूनबाई, गावात आता पुढचं बाळंतपण कोणाकडे आहे?"

तिने आठवून पाहिलं. घरामागून घर आठवलं.

"कोणाकडेच नाही, मामा."

त्याने मान हलवली आणि झऱ्यावर जायला बादली उचलली, ती लगेच खाली ठेवली. दांडी ओली होती, आणि आत्ताच कुणी हातातून सोडल्यासारखी कोमट.