हात वर करू नयेत

सोसायटीच्या गेटवर पाटी होती : ‘पहारेकऱ्यासमोर हात वर करू नयेत.’ पहारेकरी म्हणजे खांबावर बसवलेलं यंत्र. वर कॅमेरा, खाली बंदुकीची नळी. मागच्या महिन्यात इस्त्रीवाले दशरथ परदेशी त्याला पाहून दचकले आणि घाबरलेला माणूस करतो तेच त्यांनी केलं. दोन्ही हात वर केले. यंत्राने गोळी झाडली. चौकशी झाली आणि पाटी लागली. यंत्र काढण्यापेक्षा पाटी लावणं सोपं असतं.

जूनपासून हीच यंत्रं शाळांच्या गेटवर बसणार होती. उर्मिला रणदिवे यांची नात जुई दुसरीत होती. त्यामुळे यंत्र बनवणाऱ्या कंपनीतले अभियंते सलीम मुलाणी दुपारी घरी आले, तेव्हा उर्मिलाताईंनी पाणीसुद्धा विचारलं नाही.

“हात वर केलेल्या माणसाला मारतं का हो ते?”

“त्याला वाटतं, बॉम्ब फेकतोय,” मुलाणी म्हणाले. “मॅडम, ते शिकलंय लोकांच्या गेम खेळण्यावरून. तुमची ‘तुकडी’ ही गेमची मालिका, अकरा कोटी तासांच्या नोंदी. पहिल्या, दुसऱ्या आणि चौथ्या भागात हात वर जातो तो फक्त बॉम्ब फेकायला. शरण कोणी येतच नाही. आडात नाही तर पोहऱ्यात कुठून येणार?”

“मग सरळ नियम घाला ना!”

“कंपनी म्हणते, अशा वेळी माणसं खरंच थांबतात याचा पुरावा आण. म्हणून तिसऱ्या भागाच्या नोंदी हव्यात. त्या फक्त तुमच्याकडे उरल्यात.”

उर्मिलाताईंना आनंद झाला, आणि लगेच त्याची लाजही वाटली. तिसरा भाग त्यांनी स्वतः रचला होता. त्यात शत्रू हात वर करायचा. मग गोळी रोखायची, जवळ जाऊन त्याला बांधायचं. झाडलीच, तर तो टप्पा पुन्हा पहिल्यापासून. लोकांनी ‘रटाळ’ म्हणून नाक मुरडलं आणि चौथ्या भागात उर्मिलाताईंनीच शरणागती काढून टाकली. गेली सतरा वर्षं त्या भेटेल त्याला सांगत होत्या, गेम चांगला होता, कोणी खेळलंच नाही.

कपाटातली जुनी डिस्क निघाली. एकोणीसशे खेळाडू. मुलाणी नोंदी चाळत राहिले. चहा आला आणि निवला.

“खेळलेत लोक, मॅडम,” शेवटी ते म्हणाले. “पण हात वर दिसल्यावर दहातल्या नऊ जणांनी गोळीच घातलीय. टप्पा पुन्हा खेळावा लागेल हे माहीत असूनही.”

“दाखवा,” म्हणत उर्मिलाताई पडद्याजवळ सरकल्या. पहिलीच नोंद चाचणीची होती : उ. रणदिवे. समोरचा माणूस दारातून बाहेर येऊन हात वर करणार, हे त्यांनीच लिहिलं होतं. तरी पहिल्या खेपेला त्यांनी त्याला मारलं होतं. त्यांना ते आठवतही नव्हतं.

खाली शाळेची रिक्षा थांबली. उर्मिलाताई सवयीने बाल्कनीत गेल्या आणि नातीला पाहून त्यांचा हात वर गेला.

जुई गेटपाशी दोन्ही हात खिशात कोंबून उभी होती. ती जीव खाऊन ओरडली, “आजी, हात खाली घे!”

त्यांनी हात खाली घेतला.

मागे मुलाणी डिस्क हातात घेऊन उभे होते. “ही दिली, तर यंत्र माणसासारखंच वागतंय असं ठरेल. नाही दिली, तरी जूनमध्ये यंत्रं बसणारच,” ते म्हणाले. “काय करू, मॅडम?”