मुग्धाच्या चपला

सर्जापूर रोडवरच्या त्या सोसायटीत नऊ टॉवर होते, हजारभर फ्लॅट होते, बदकांसाठी बांधलेलं एक तळं होतं आणि तळ्यात बदकं नव्हती. निहार तिथं ई टॉवरच्या अकराव्या मजल्यावर, अकराशे चारमध्ये राहायचा. नागपूर सोडून त्याला अडीच वर्षं झाली होती. कामाला सॉफ्टवेअर टेस्टर, म्हणजे दुसऱ्यांच्या चुका शोधून त्यांना त्या नम्रपणे कळवायच्या, तेही घरूनच. अडीच वर्षांत त्या इमारतीत त्याला कुणी नावानं हाक मारली नव्हती. गेटवर तो 'इलेव्हन झीरो फोर' होता, पाण्याचा कॅन आणणाऱ्यासाठी 'सर', आणि लिफ्टमधली माणसं त्याच्याऐवजी मजल्यांचे आकडे बघत. एकदा त्यानं गंमत म्हणून मोजलं. ऑफिसचे कॉल वगळता आठवड्याभरात तो एकोणीस शब्द बोलला होता, त्यातले चार तिसऱ्या मजल्यावरच्या कुत्र्याशी. कुत्र्याचं नाव सगळ्या टॉवरला माहीत होतं.

असा माणूस एकटेपणावर सिनेमा काढणार हे ठरलेलंच होतं. कोरमंगलातल्या एका कॅफेच्या वरच्या मजल्यावर दर रविवारी असले सिनेमे दाखवत. चाळीस खुर्च्या, अकरा प्रेक्षक, आणि प्रत्येकानं मध्ये एकेक खुर्ची सोडलेली. सिनेमात माणूस खिडकीशी उभा राहायचा, चहा निवायचा, खाली रहदारी वाहायची. दीड तासानं माणूस खिडकीपासून बाजूला झाला की लोक टाळ्या वाजवत. निहारचा मित्र प्रणीत जवळच एका पीजीत राहायचा आणि लग्नाचे व्हिडिओ एडिट करायचा. त्याचं म्हणणं असं, की याच्याइतका सुटसुटीत विषय नाही. एक खोली, एक खिडकी, एक माणूस. खोली आणि खिडकी निहारकडे होती.

माणूस म्हणून सुखदा आली. ती नाटकात काम करायची. एका शनिवारी तिनं मुग्धा नावाच्या एकट्या मुलीचं काम करत खिडकीशी तासभर छान उदास उभं राहून दाखवलं, आणि सोमवारी तिला हैदराबादला टूथपेस्टची जाहिरात मिळाली. तिथं हसायचं होतं. ती गेली. निहारनं दोन दिवस विचार केला आणि प्रणीतला फोन करून सांगितलं की आता हिरॉइन दाखवायचीच नाही. फक्त तिच्या वस्तू दाखवायच्या. एकटेपणा इतका, की खुद्द एकटी बाईही फ्रेममध्ये नाही. प्रणीत म्हणाला, फेस्टिव्हलवाले वेडे होतील.

महिनाअखेरीला सिनेमा फेस्टिव्हलला पाठवायचा होता. निहार वस्तू जमवू लागला. चामराजपेटेत एका अरुंद दुकानातून त्यानं बायकी चपला घेतल्या. मरून रंगाच्या, सहा नंबरच्या, पट्ट्यावर सोनेरी फूल. दुकानदारानं विचारलं, कुणासाठी? निहार म्हणाला, घरी. आणि परतीच्या बसमध्ये पूर्ण दीड तास त्याला उगाच बरं वाटत राहिलं.

खिडकीतून हवा तसा उजेड रोज साडेचार ते पाचच मिळायचा, त्यामुळे शूटिंग तुकड्यातुकड्यानं चालायचं. आजच्या शॉटमधला कप उद्या बोटभर सरकलेला दिसू नये, म्हणून तो प्रत्येक वस्तूभोवती जमिनीवर नाहीतर टेबलावर निळी चिकटपट्टी लावून चौकट आखायचा आणि पट्टीवर मार्करनं लिहायचा. 'मुग्धा – चपला.' 'मुग्धा – कप.' 'मुग्धा – छत्री.' काम संपलं की वस्तू उचलायच्या, दुसऱ्या दिवशी चौकटीत परत ठेवायच्या. चपला मात्र दाराबाहेरच राहू दिल्या. त्या तिथं बऱ्या दिसत.

एका शॉटमध्ये त्याला असं हवं होतं, की टेबलावरचा फोन वाजतो आणि गेटच्या अ‍ॅपवर मुग्धाच्या नावानं पार्सल आल्याचं दिसतं. त्यासाठी त्यानं अ‍ॅपमध्ये अकराशे चारची नवी रहिवासी म्हणून मुग्धाचं नाव भरलं. अ‍ॅपला चेहऱ्याचा फोटो हवा होता. त्यानं कपाचा दिला. अ‍ॅपनं घेतला. टेस्टर म्हणून त्यानं याची मनात नोंद केली आणि हसला.

संध्याकाळी टॉवरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर मुग्धाचं स्वागत झालं. शेहेचाळीस नमस्कार, अकरा पुष्पगुच्छ. निहारला ग्रुपवर घेतलं तेव्हा पुढचा मेसेज पार्किंगबद्दल होता.

चार दिवसांनी अकराशे तीनच्या हेमलताकाकू लिफ्टपाशी भेटल्या. मूळच्या चामराजपेटेतल्या, तीन पिढ्या बेंगळुरूत काढलेलं मराठी घर; मुलाबरोबर इकडे राहायला आल्या होत्या. एरवी नुसती मान हलवणाऱ्या काकूंनी त्या दिवशी त्याच्या हातात स्टीलचा डबा ठेवला.

"मुग्धाला द्या. होळिगे केले होते, आपल्या पुरणपोळ्याच; गोड आवडतं म्हणाली. स्वल्प अबोल आहे पोरगी, पण गुणाची."

निहारनं विचारलं, कुठं भेटली? इथंच की, काकू म्हणाल्या, उन्हं उतरताना येते बाहेर. डबा उघडला तर आत चार होळिगे होते. त्यानं ते उभ्याउभ्याच खाल्ले आणि ठरवलं की काकूंचा काहीतरी घोटाळा होतोय; अ‍ॅपवर नाव वाचलं असेल आणि दिसली असेल दुसरीच कुणी. पटण्यासारखं होतं. गेटवरच्या जितेंद्रनं मग आपणहून सांगितलं की मॅडम आज छत्री न घेताच गेल्या. तेही निहारनं पटवून घेतलं. जितेंद्र दिवसाला दोन हजार माणसं बघतो.

शनिवारी प्रणीतचा फोन आला. त्याच्याकडे तोवरचे सगळे शॉट पोचले होते.

"हिरॉइन नाही आणि तरी तिची कंटिन्युइटी चुकते," प्रणीत म्हणाला. "हे फक्त तूच करू शकतोस, भाऊ."

"कुठं चुकली?"

"चपला. प्रत्येक शॉटमध्ये जरा जरा घराकडे वळतायत. आणि जुन्या होतायत. तू घालून फिरतोस काय?"

निहारच्या पायाला नऊ नंबर लागायचा. त्यानं दार उघडून खाली बसून पाहिलं. चपला चौकटीच्या आतच होत्या. टाचा थोड्या झिजल्या होत्या. तळाच्या मऊ कातडीवर पावलाचा ठसा उमटला होता, अंगठ्यापाशी जास्त काळपट. एका खाचेत लाल माती होती. त्यानं हात लावून पाहिला. आतून उबदार होत्या.

त्यानं रीतसर शक्यता मांडल्या. एक, कुणीतरी त्या घालतं आणि परत आणून ठेवतं. दुसरी त्याला सुचेना. दुपारी तीनपासून तो दाराला आतून डोळा लावून उभा राहिला. साडेचारला उजेड आला म्हणून शूटिंगला गेला, पाचला परत आला. चपलांवर नवी माती होती.

मग त्यानं मुग्धाला अ‍ॅपमधून काढायचं ठरवलं. बटण दाबलं. अ‍ॅपनं कळवलं की विनंती घराच्या मुख्य रहिवाशाकडे मंजुरीसाठी पाठवली आहे. हा फ्लॅट निहारच्या नावावर भाड्यानं होता, मुख्य रहिवासी तोच. पण त्याच्या फोनवर काही आलं नाही. दहा मिनिटांनी एवढंच आलं: विनंती नामंजूर.

तो काकूंकडे गेला. डबा परत करायचा होताच. काकू टेरेसमधल्या कढीपत्त्याला पाणी घालत होत्या. त्यानं शक्य तितक्या सहज विचारलं की मुग्धा त्यांना स्वतःबद्दल काय काय सांगते.

"काय सांगणार? एकटीच राहते, बिचारी. घरी वाट बघायला कुणी नाही, म्हणाली. मी म्हटलं सरी, असू दे, मी आहे की इथं." काकूंनी झारी खाली ठेवली. "सिनेमा का काय करते ना ती, तुम्हाला माहीतच असेल. तुम्हीच तिचं सामान ने-आण करता, नाही?"

निहार म्हणाला, "काकू, मी इथं राहतो. अकराशे चारमध्ये. अडीच वर्षं."

काकूंनी त्याच्याकडे नीट पाहिलं. त्यांना वाईट वाटल्यासारखं दिसलं.

"असं होय," त्या म्हणाल्या. "नाव काय म्हणालात?"

त्यानं सांगितलं. काकूंनी मान हलवली आणि डबा घेऊन आत गेल्या. त्यांच्या ते लक्षात राहणार नाही हे त्याला पाठमोऱ्या काकूंकडे बघूनच कळलं.

रविवारी सकाळी उरलेले शॉट हार्ड डिस्कवर घेऊन तो कोरमंगलाला गेला. शेवटचा शॉट तेवढा बाकी होता. खिडकी, रिकामी जमीन, उजेड. प्रणीतकडे त्यानं हे सगळं विनोद म्हणून सांगितलं, प्रणीत पोट धरून हसला, आणि हसून झाल्यावर म्हणाला की चार दिवस इथंच राहा, गादी आहे. निहार म्हणाला, बघू. प्रणीतनं नवे शॉट लावले. चपला आता पूर्ण वळलेल्या होत्या, टोकं दाराकडे, जणू कुणी आत शिरताना काढून ठेवल्यात.

"हा शॉट चांगला आलाय," प्रणीत हळू म्हणाला.

चार वाजता निहार सोसायटीच्या गेटवर उतरला. अ‍ॅपनं त्याला आत सोडलं नाही. जितेंद्र खुर्चीवरून उठला, वही पुढं केली आणि अदबीनं विचारलं, "सर, किसके यहाँ जाना है?"

निहार म्हणाला, इलेव्हन झीरो फोर. जितेंद्रनं त्याचा फोटो काढला, आणि भेटीचं कारण म्हणून स्वतःच 'शूटिंग' लिहिलं. मग बटण दाबून तो थांबला.

निहारही थांबला. परत फिरता आलं असतं. कोरमंगलात गादी होती. पण आजवर तो या गेटवर उभा असला की वर घरात कुणी नसायचंच. घरात असायचा तो एकटा, आणि तो तर बाहेर असायचा. आपण गेटवर आहोत आणि वर कुणीतरी ठरवतंय, येऊ द्यायचं की नाही, हे त्याच्या आयुष्यात पहिल्यांदा घडत होतं. तिनं नाही म्हटलं तर काय, असं त्याच्या मनात आलं.

फोन वाजला. जितेंद्र हसला.

"मॅडम बोल रही हैं, भेज दो."

लिफ्टमध्ये कुणी नव्हतं. अकराव्या मजल्यावर ऊन पार भिंतीपर्यंत आलं होतं.

दाराबाहेर मरून चपला होत्या. शेजारी त्याच्या काळ्या चपला, ज्या सकाळी तो बाथरूमपाशी सोडून गेला होता. त्यांच्याभोवती निळी चौकट. 'मुग्धा – चपला, दुसऱ्या.' अक्षर सुबक होतं. त्याचं नव्हतं.

दार नुसतं लोटलेलं होतं.

आत कुणी नव्हतं. त्यानं सवयीनं क्रमानं पाहिलं: स्वयंपाकघर, बाथरूम, पलंगाखाली. त्याचा टूथब्रश चौकटीत होता. लॅपटॉप चौकटीत होता. टेबलावर त्याचा निळा कप चौकटीत होता, आणि त्यात चहा होता, आल्याचा, त्याला लागतो तितकाच गोड. वाफ येत होती.

कॅमेरा स्टँडवर होता. स्टँड वीतभर खाली केलेला, त्याच्याहून बुटक्या माणसाच्या डोळ्याला येईल असा. लाल दिवा लागलेला.

साडेचार झाले. उजेड आला.

खिडकीपाशी, जिथं सुखदा उभी राहायची, जमिनीवर निळी पट्टी होती. चौकट नव्हे. दोन पावलांचे आकार, तोंडं खिडकीकडे. पट्टी बारीक कापून, वळणावळणानं लावलेली. कुणीतरी फार मन लावून केलेलं काम. बाजूला लिहिलं होतं.

'मुग्धा – निहार.'

त्यानं ते दोनदा वाचलं. अडीच वर्षांत त्या इमारतीत त्याचं नाव कुणी पहिल्यांदाच लिहिलं होतं.

त्यानं बूट काढले. मोजे काढले. आधी उजवं पाऊल ठेवलं, मग डावं. खाली रहदारी वाहत होती. मागं टेबलाशी कुणीतरी खुर्ची हळूच सरकवली. वळून पाहावं असं त्याला वाटलं, पण शॉट बिघडला असता.

डावा अंगठा पट्टीच्या जरासा बाहेर येत होता. त्यानं तो आत घेतला.