हटवलेली लाइन

वकीलबाईंनी बावीस वर्षांत कोर्ट कमिशनर म्हणून विहिरी पाहिल्या होत्या, बांध पाहिले होते, एका घटस्फोटात तर नवराबायकोचं कपाटसुद्धा आतून पाहून अहवाल दिला होता. पण जे तिथे नाही ते पाहून येण्याचा आदेश त्यांना पहिल्यांदाच मिळाला.

प्रकरण साधं होतं. गणिताच्या एका निवृत्त मास्तरांच्या जमिनीवरून उच्चदाबाची लाइन जात होती. तिच्याखाली बांधकामाला परवानगी नाही. अकरा वर्षं कोर्टाच्या पायऱ्या झिजवून मास्तर जिंकले. वीज कंपनीने टॉवर काढले, तारा उतरवल्या, लाइन ओढ्यापलीकडून फिरवली. मास्तरांनी एकुलत्या एका मुलीसाठी तिथे घर बांधायला घेतलं. आणि आठ महिन्यांनी पुन्हा अर्ज केला, की लाइन हटलेली नाही.

अर्ज वाचला गेला तेव्हा कोर्टात हशा पिकला. न्यायाधीश तेवढे हसले नाहीत. "एकदा पाहून या," ते वकीलबाईंना म्हणाले.

सकाळी अकराला त्या पोचल्या. लख्ख ऊन होतं. तळमजला उभा होता, वर स्लॅब टाकून झाला होता. टॉवरच्या जागी उखडलेल्या काँक्रीटचे खड्डे, त्यात गवत. वर स्वच्छ आभाळ.

"बाबांना भांडायची सवय लागलीय हो," मुलीने त्यांना बाजूला घेऊन सांगितलं. "केस संपली आणि यांना करमेना. आम्ही भाड्याच्या दोन खोल्यांत किती दिवस काढायचे?"

मास्तरांनी ते ऐकलं, पण वाद घातला नाही. त्यांनी गवंड्याला पुढे केलं. गवंड्याने दोन्ही तळवे उघडून दाखवले. दोन्हींवर एकेक आडवा काळा डाग होता.

"स्लॅबवर सळई उभी करत होतो, बाई. वर कशाला तरी लागली. पुढचं दवाखान्यातलंच आठवतं."

"खालची वायर कुठेतरी उघडी असेल," कंपनीचे इंजिनिअर म्हणाले. माणूस हसतमुख होता. त्यांनी सोबत मोजणीचा लांब लोखंडी दांडा आणला होता.

"साइटवर वीज अजून घेतलेलीच नाही, साहेब," गवंडी म्हणाला.

सगळे शिडीने वर गेले. गवंडी तेवढा खाली थांबला.

वकीलबाई टिपणं काढत होत्या. लांबी, रुंदी, ओढ्यापलीकडच्या नव्या लाइनचं अंतर. मध्येच त्यांना जाणवलं की कानांत बारीक घूं असा आवाज चाललाय. नवी लाइन लांब होती, आणि वारा तिच्याकडेच वाहत होता. त्या स्लॅबच्या मध्यावर गेल्या तसा आवाज डोक्यावर आला. हातावरची लव ताठ उभी राहिली. त्यांनी वर पाहिलं. काही नव्हतं.

"मोजायचं ना?" त्यांनी विचारलं.

"हो, हो." इंजिनिअर दांडा उभा धरून चालत आले. मध्याच्या दोन पावलं अलीकडे ते थांबले. त्यांनी दांडा आडवा केला, मान खाली घातली आणि वाकूनच पलीकडे गेले. पलीकडे पोचल्यावर ताठ झाले.



"वाकलात का?" वकीलबाईंनी विचारलं.

"कुठे?" ते म्हणाले. या वेळी ते हसले नाहीत. "तारा नाहीत एवढंच लिहा, मॅडम. खरं तेच लिहा."

वकीलबाईंनी फोटो काढले आणि खरं तेच लिहिलं. 'जागेवर टॉवर नाहीत, तारा नाहीत.' आवाजाचं लिहायला त्या तीनदा बसल्या आणि तीनदा ओळ खोडली. भर कोर्टात हसं करून घ्यायची हिंमत झाली नाही.

"फोटोच बोलतात," सुनावणीत कंपनीचे वकील म्हणाले. "निरभ्र आभाळ, उडणारे सात पक्षी. तारा कुठे आहेत?"

अर्ज फेटाळला गेला. बाहेर मास्तर त्यांना म्हणाले, "तुम्ही खोटं काही लिहिलं नाहीत, बाई." हे शब्द त्यांना शिवीपेक्षा जास्त लागले.

चौथ्या दिवशी मुलीचा फोन आला. आवाजात आनंद होता. नवा गवंडी मिळाला होता. वरच्या मजल्याच्या सळ्या सोमवारपासून उभ्या राहणार होत्या. अहवालाची एक प्रत बँकेसाठी हवी होती.

"वरचा मजला नको बांधूस," वकीलबाईंच्या तोंडून निघून गेलं.

"का?"

प्रतीसाठी फाइल समोर उघडीच होती. वरच स्लॅबचा फोटो होता. त्या दिवशी पक्षी पाहिल्याचं त्यांना आठवत नव्हतं. त्यांनी भिंग उचललं.

"का, मॅडम?"

सातही पक्षी रिकाम्या आभाळात एका ओळीत होते. सातांचेही पंख मिटलेले होते.