जपानी मूकपटाचे पाचवे रीळ

पाचवे रीळ गायब होते. पत्र्याचा डबा जागच्या जागी, कुलूप शाबूत आणि आत काहीच नाही.

१९५७ साली वेंगुर्ल्यात दाजींनी आपल्या सिनेमाच्या तंबूत एक जुना जपानी मूकपट लावला होता. आदल्या संध्याकाळी चार रिळे झाली आणि विजेचे इंजिन बंद पडले. सामुराईच्या धन्याचा लहान मुलगा शत्रूच्या वेढ्यात अडकलेला, तिथेच पडदा काळा झाला. आज शेवट बघायला अख्खा गाव येणार होता.

जपानी कोणालाच कळत नव्हते, गुरुदासलाही नाही. पण तो पडद्याशेजारी उभा राहून दशावताऱ्यासारखे जागच्या जागी संवाद रचायचा आणि बायका डोळ्यांना पदर लावायच्या. दाजी ज्यांच्या गलबतावर खलाशी होते, त्या बुडालेल्या मालकाचा हा पोरका मुलगा. दाजींनी त्याला मॅट्रिकपर्यंत शिकवले. सख्ख्या गंगारामला मात्र चौथीतून काढून मशीनवर बसवले. टाळ्या पडल्या की मशीनमागे गंगारामच्या पोटात दुखायचे.

"हेनाच लपवल्यान," गंगाराम म्हणाला. "शेवट बोलूक जमाचा नाय म्हणान. बाबा, हेका घराभायर काढा."

डब्याची किल्ली घरातल्या खुंटीला असायची. म्हणजे चोर घरातलाच. आणि गुरुदासला दुसरे घर नव्हते.

तंबूत व्हायोलिन वाजवणाऱ्या क्लाराबाई मूळच्या शिक्षिका. त्यांनी वर्गात घ्यावी तशी झडती सुरू केली.

"गुरुदास, शेवट काय आहे?"

"माका खंय म्हायत, बाई? पडद्यार दिसता तसा बोलतंय."

"दाजी, हे रीळ कोणी पाहिलंय?"

"कोणीच बघूक नाय. चित्र परवाच इला."

"गंगाराम, याला शेवट का जमला नसता?"

गंगाराम फणकारला. "कसो जमतलो? सामुराई आपल्याच झिलाक धन्याच्या झिलाच्या पालखीत बसवन मराक धाडता. ह्या बोलूक बापाचा काळीज होया."

क्लाराबाईंनी चष्मा काढला.

"चारही रिळांना मी वाजवलंय. त्यांत पालखी नाही. ती तू पाचव्यातच पाहिलीस, रीळ उजेडासमोर धरून, एकेक चित्र. आणि तुला ते सोसलं नाही. धन्याच्या मुलासाठी स्वतःचा मुलगा देणारा बाप गुरुदास रंगवणार आणि दाजी पुढे बसून टाळ्या वाजवणार. जळलास तू."

"जळलंय," गंगाराम म्हणाला. त्याने कोंड्याच्या पोत्यातून रीळ काढून बापापुढे ठेवले.

दाजींनी रीळ उचलून मांडीवर घेतले. मग त्यांनी हळूच विचारले, "तो सामुराई रडता काय रे?"

"रडता," गंगाराम म्हणाला. "पण झील मेल्यार."