मधला माईक

एसटीत जागा धरायची कामगिरी आमच्या घरात कायम माझ्याकडं असायची. गाडी फलाटाला लागायच्या आत खिडकीतून रुमाल टाकायचा, रुमाल नसला तर पिशवी, तीही नसली तर पायातली चप्पल, आणि मग दारातल्या गर्दीशी भांडत आत शिरायचं. एकदा रुमाल पडला की जागा आपली. मग तिथं आमदार येऊन बसला तरी त्याला उठावं लागतं, असा आमच्याकडचा न लिहिलेला कायदा आहे. दोन धाकट्या बहिणींना मी कधी उभ्यानं प्रवास करू दिला नाही, आणि त्याचा मला फार अभिमान होता.

मी संयोगिता जगदाळे, राहणार माधवनगर. फिजिक्समध्ये बी.एस्सी. झालेय, त्यामुळं भुताखेतांच्या गोष्टी माझ्यासमोर कुणी फारशा सांगत नाही. ‘जगदाळे सिस्टर्स’ हा आमचा तिघींचा ग्रुप. मी, मधली प्रणोती आणि धाकटी पल्लवी. सांगली, मिरज, सातारा या पट्ट्यात कुठं लग्नाचं संगीत असो, कॉलेजचं गॅदरिंग असो की साखर कारखान्याचा वर्धापनदिन, आमचं नाव निघायचंच. गाणी आमची, चाली आमच्या, तिघींचे तीन वेगवेगळे सूर एकमेकांत बसवलेले. कोण काय गाणार, कोणत्या रंगाचा ड्रेस घालणार, कधी हसणार हे सगळं मी ठरवायची. ‘ताई म्हणजे मिलिटरी,’ असं प्रणोती म्हणायची ते काही खोटं नव्हतं.

आमची एक पद्धत होती. पहिलं गाणं झालं की मी ओळख करून द्यायची. ‘मी संयोगिता’ म्हणून षड्ज धरायची. ‘ही प्रणोती’ म्हटलं की तिनं पंचम लावायचा. मग जरा थांबून मी म्हणायची, ‘आणि आमच्या मधली, पल्लवी!’ वयानं धाकटी असली तरी ती उभी मध्ये राहायची, कारण कडेला उभी राहिली की तिचे पाय लटपटायचे. नाव घेतलं की ती गंधार लावायची. खालून, हलकेच, घसरत वर यायची ती. तिन्ही सूर एकत्र झाले की मांडवातली मागची माणसंसुद्धा बोलायची थांबत.

दोन वर्षांपूर्वी पल्लवीचं लग्न झालं. साताऱ्याचा धैर्यशील, तिथल्याच एमआयडीसीत चांगल्या नोकरीला. लग्नात त्यानं ताटातल्या तांदळात अंगठीनं तिचं नवं नाव लिहिलं, राजनंदिनी. मी तिथंच नाक मुरडलं. माणसं मात्र भली. सासूबाई हरणाबाई स्वतःहून म्हणाल्या, ‘गाऊ द्या की तिला. आमी काय तिचं तोंड बांधून ठेवल्यालं न्हाई.’

नको म्हणाली ती पल्लवीच. पाठवणीच्या आधी मला बाजूला घेऊन म्हणाली, ‘ताई, मला आता गायचं न्हाई गं. दमले मी. जरा गप बसून जगावं वाटायलंय.’

मी तिच्या गालाला हात लावला आणि म्हणाले, ‘वर्षभर बस. तुझी जागा मी धरून ठेवते.’

 तेव्हाच तिच्याकडं नीट बघायला हवं होतं. पण मांडवाच्या दारात गाडी उभी होती आणि मला फुलवाल्याला ओरडायचं होतं.

जागा धरायची म्हणजे काय, ते मला पक्कं ठाऊक होतं. पुढच्या कार्यक्रमापासून मधला माईक स्टँडसकट तसाच ठेवला. त्याला पल्लवीची जांभळी ओढणी बांधली. मी आणि प्रणोती दोन्ही बाजूंना. ओळख करून देताना मी तिचंही नाव घ्यायची आणि सांगायची, ‘ती सध्या सासरी रमलीय, पण जागा तिचीच!’ लोक टाळ्या वाजवायचे. बायका डोळे पुसायच्या. बाकी दोघींच्या आवाजात गाणं भाकरीसारखं एका बाजूनं कच्चं राहायचं, ते मलाही कळत होतं.

माधवनगरातल्याच एका मंडळाच्या कार्यक्रमात पहिल्यांदा तो गंधार आला.

मी नाव घेतलं, टाळ्या पडल्या, आणि टाळ्या विरताना माझ्या आणि प्रणोतीच्या सुरांच्या मध्ये काहीतरी बारीक वाजलं. मला आश्चर्य वाटलं नाही. तंबोरा नीट जुळला की न छेडलेला गंधार आपोआप ऐकू येतो, हे मिरजेच्या आसपास वाढलेल्या कुठल्याही पोराला माहीत असतं. दोन सूर अचूक लागले, त्यांतून तिसरा उमटला. उलट मी खूश झाले. आमचे सूर इतके स्वच्छ लागले होते तर!

आमचा साउंडवाला झिशान मिरजेचा, तंबोरे घडवणाऱ्यांच्या घरातला. वायरी गुंडाळताना तो म्हणाला, ‘ताई, मधला माईक मी बंद ठेवलावता. तरी मिक्सरवर त्याचे लाइट उड्या मारायलेते.’

‘वायर बदल,’ मी म्हणाले.

त्यानं वायर बदलली. मग माईक बदलला. शेवटी वायर काढूनच टाकली, नुसता स्टँड आणि माईक. गंधार येतच राहिला, आणि दर कार्यक्रमाला आदल्यापेक्षा भरीव होत गेला. महिन्याभरात तो खालून, हलकेच, घसरत वर यायला लागला.

त्याला फिजिक्समध्ये उत्तर नव्हतं. आपोआप उमटलेल्या सुराला लकब नसते.

प्रणोतीनं सरळ सांगितलं, ‘ताई, माझ्या शेजारी कुणीतरी श्वास घ्यायलंय. सूर लागायच्या आधी. मला ऐकू येतंय.’ एकदा कार्यक्रम संपल्यावर तिनं माझं बोट धरून मधल्या माईकच्या जाळीवर टेकवलं. जाळी ओली होती, अगदी तोंडाजवळ धरून गायल्यावर होते तशी. ओढणीचं टोक कोमट होतं.

मला भीती वाटायला हवी होती. मला आनंद झाला. खरं तेच सांगते. गाणं परत भरलं होतं, लोक ‘तिसरीच्या आवाजाची रेकॉर्ड लावता का हो?’ असं कौतुकानं विचारत होते, आणि पुण्याच्या एका म्युझिक कंपनीनं आमची गाणी काढायची तयारी दाखवली होती. तोंडाशी आलेला घास काय म्हणून सोडायचा?

तेवढ्यात हरणाबाईंचा फोन आला. ‘एकदा येऊन जावा. पोरगी बरी न्हाई.’

दुपारची साताऱ्याला पोचले. पल्लवी स्वयंपाकघरात शेंगा सोलत बसली होती. दिसायला बरी, जरा वाळलेली. बोलत होती, चहा टाकत होती. मी म्हटलं, चल, आपलं गाणं म्हणू, आणि मुखडा सुरू केला. तिनं तोंड उघडलं. ओठ हलले, गळ्याच्या शिरा ताणल्या, आणि नुसती हवा बाहेर आली.

‘बोलता येतंय, गाता येत न्हाई,’ ती म्हणाली. ‘मिरजेला डॉक्टरांनी घशात नळी घालून बघितलं. काय सुदीक न्हाई म्हणाले.’

‘अंतरा तरी आठवतोय ना?’

ती शेंगदाणे चिवडत राहिली. तो अंतरा तिनंच लिहिला होता. दहावीत असताना, आईच्या मांडीवर डोकं ठेवून.

मग ती खाली बघूनच म्हणाली, ‘ताई, तू माझं नाव घेतीस तवा मला इथं कळतं. परवा भाकरी थापताना हात थांबले. तुझा आवाज आला, मागनं टाळ्या आल्या. त्यानंतर काहीतरी जातंय माझ्यातलं. आधी गाणी गेली. आता आईचा चेहरा नीट आठवंना झालाय.’ आई जाऊन तीन वर्षं झाली होती. ‘माझी जागा मोड, ताई. पाया पडते तुझ्या.’

हरणाबाई दारात उभ्या होत्या. ‘आवं बाई, तुमी शिकल्याली माणसं. आमाला त्यातलं काय कळत न्हाई. पर लेक दिली म्हंजे दिली. मागं जागा कशापायी धरून ठेवायची?’

मी पल्लवीचे हात धरले आणि जागा मोडते म्हणून तिची शपथ घेतली. घरी आल्यावर ओढणी धुऊन कपाटात ठेवली, झिशानला मधला स्टँड आणू नको म्हणून सांगितलं, आणि ओळखीत दोनच नावं घ्यायला लागले.

गाणं पडलं. दुसरा शब्द नाही. पलूसच्या लग्नात तर लोक आमच्यासमोरून उठून जेवायला गेले. रात्री गाडीत मी रडले, आणि प्रणोती म्हणाली, ‘पडू दे. पल्लवी बरी व्हायली ना?’

बरी होत होती. हरणाबाईंनी फोनवर सांगितलं, ‘आंघोळ करताना गुणगुणायला लागलीया पोरगी. काल आईची आठवण काढून रडली. लय बरं वाटलं बगा.’ मलाही बरं वाटलं. म्हणजे, निम्मं बरं वाटलं.

पावसाळ्यानंतर साताऱ्यात माजी सैनिकांचा मेळावा होता, आणि त्यात आमचा कार्यक्रम. दुपारची वेळ, सभागृहाची दारं सताड उघडी, छातीवर पदकं लावलेली म्हातारी माणसं आणि त्यांच्या लेकीसुना. कंपनीचा माणूस पुण्याहून ऐकायला येणार होता. पल्लवीही येणार होती, सासूबरोबर.

माझ्या डोक्यात एक हिशेब बसला. आजवर नाव घेतलं तेव्हा ती लांब होती. आज समोर असेल. नाव घेतलं की ती खुर्चीतून उठेल, वर येईल, स्वतःच्या माईकवर स्वतः गाईल. जिची जागा तिला मिळाली की प्रश्नच मिटला. किती सरळ होतं ते! मी झिशानला मधला स्टँड लावायला सांगितला. त्यानं तो वायर न जोडताच लावला.

‘ताई, नको,’ प्रणोती म्हणाली.

‘तिला वर बोलवायचंय फक्त.’

पहिलं गाणं झालं. पल्लवी तिसऱ्या ओळीत बसली होती, हिरव्या साडीत, गालावर पुन्हा जरा मांस आलेलं. मला बघून तिनं हात हलवला. मीही हलवला.

‘मी संयोगिता.’ षड्ज.

‘ही प्रणोती.’ तिचा पंचम थरथरत लागला.

पल्लवीनं मान हलवली. जोरात. नको, नको.

मी ते बघितलं. मला वाटलं, लाजतीय.

‘आणि आमच्या मधली, पल्लवी!’

गंधार आला.

खालून, हलकेच, घसरत. पण बारीक नाही. भरलेला, जिवंत, पार मागच्या भिंतीपर्यंत. सभागृह उठून उभं राहिलं. माझ्या दंडाला कुणाचा तरी दंड लागला.

मी तिसऱ्या ओळीत बघितलं. पल्लवी उठली नव्हती. तिची मान हलायची थांबली होती. मग शेजारच्या बायका टाळ्या वाजवायला लागल्या तशी तीही वाजवायला लागली. त्यांच्यासारखीच. कौतुकानं.

पुढची गाणी मी कशी म्हटली, आठवत नाही. ती फार उत्तम झाली असं सगळे सांगतात.

कार्यक्रमानंतर आम्ही दोघी विंगेत उभ्या होतो. फोटोसाठी बायकांची रांग लागली होती. त्या रांगेतून पल्लवी आली. हरणाबाई मागं गर्दीत अडकल्या होत्या.

‘नमस्कार,’ ती मला म्हणाली. ‘मी राजनंदिनी. इथंच गोडोलीत असते. फार सुंदर गाता तुम्ही. तिघी सख्ख्या बहिणी का हो?’

‘पल्लवे,’ मी म्हणाले.

तिनं मागं वळून बघितलं, आणि जिला मी हाक मारली तिला वाट द्यायला ती थोडी बाजूला सरकली.

प्रणोतीनं भिंत धरली.  पल्लवी आम्हा दोघींच्या मधल्या जागेकडं वळली आणि तिनं हात पुढं केला. कुणीतरी हात धरून हलवावा तशा तिच्या बांगड्या वाजल्या.

‘तुमचा आवाज सगळ्यात आवडला मला,’ ती म्हणाली. मग मान कलती करून ती काहीतरी ऐकत राहिली.

‘नाही हो,’ ती हसली. ‘मला बहिणी नाहीत. एकटीच मी.’

आणि पुढचं नीट ऐकू यावं म्हणून ती जरा वाकली.