ठासणीच्या बंदुकीतला श्वास

पटलं तर घ्या, नाहीतर सोडा. पण यातलं एक अक्षरही माझ्या पदरचं नाही.

ऑक्टोबर १९९६. पेण. भर दुपारचे तीन. म्हणजे अंधारात भास झाला असंही म्हणता येत नाही.

माझे वडील हिरामण जुन्या बंदुका दुरुस्त करायचे. मी डोलवीला कंपनीत. या धंद्याची मला किळस यायची. काजळी, तेल, आणि कुणाकुणाची थुंकी लागलेल्या नळ्या. शी!

त्या दिवशी रोह्याकडचे हैबतराव ठासणीची बंदूक घेऊन आले. जिच्यावर बार पेटवणारी टोपी बसते ती छोटी निपल फुटली होती. तशा निपल आता कुठेच बनत नाहीत. इकडे भात कापणीला आलेलं आणि डुकरं रोज शेतात घुसत होती.

बाबांकडे मोडीत निघालेल्या बंदुकांच्या भागांचा डबा होता. त्यांनी नखाने आटे चाचपले आणि एक निपल उचलली.

"हीच. चाळीस वर्सांत माजी नजर चुकली नाय."

ती बसली. आता फुंकून बघायचं. निपलचं भोक अंगठ्याने दाबायचं आणि नळीला तोंड लावून फुंकायचं. आट्यांतून हवा सुटली नाही, तर निपल बरोबर. बाबांना दमा, म्हणून सुट्टीला घरी असलो की हे काम माझ्या गळ्यात.

आधी गज घालून पाहिला. नळी रिकामी होती.

मी फुंकलं.

हवा कुठूनच सुटली नाही...

आणि मग ती परत आली.

कोमट. ओली. घूस मरून चार दिवस सडावी तशी घाण घशात उतरली. दातांत काहीतरी अडकलं. ओढून काढलं, तर केस... लांब, चिकट केस.

मी भडाभडा ओकलो.

"नाय बसत ही," मी खोटं बोललो. "दुसरी बघा."

बाबा भडकले. "कंपनीत जाऊन मला शिकवतोस? हो बाजूला!"

"बाबा, तोंड लावू नका..."

त्यांनी लावलं.

फुंकताना गाल फुगतात ना? त्यांचे आत गेले... आणखी आत... नळीतून चोखल्यासारखा आवाज येत होता.

"आरं, ओढ त्यांना!" हैबतराव ओरडले. दोघांनी ओढलं तेव्हा कुठे ओठ सुटले.

ती निपल मी पकडीने काढून खाडीत फेकली. हैबतराव बंदूक तशीच घेऊन गेले.

त्या दिवसापासून बाबांचा दमा गेला. एकदाही खोकले नाहीत. आई देवाला नारळ फोडून आली. पण बाबांनी बोलायला तोंड उघडलं की तीच घाण... डॉक्टर म्हणाले, दात चांगले आहेत. आईला तर वास कधीच आला नाही.

मी ताट घेऊन बाहेर जेवायला लागलो. बाबांना ते कळलं. माझ्याशी बोलताना ते तोंडावर टॉवेल धरायचे.

१९९९ मध्ये ते गेले. शेवटचं पाणी मुलाने पाजायचं. मी चमचा घेऊन वाकलो. त्यांनी तोंड उघडलं.

मला नाही जमलं. चमचा आईच्या हातात कोंबून मी बाहेर पळालो. नळाखाली चूळ भरत होतो, तेव्हाच आतून आईचा हंबरडा आला.

बाबा माझ्या हातचं पाणी न पिता गेले.

आणि तो वास फक्त मलाच यायचा. नळीला पहिलं तोंड मी लावलं होतं... मग तो नक्की कुणाच्या तोंडाचा होता?